आप्पांचे स्लॅब

आमच्या गंगापूर रोडच्या सोसायटीत सकाळी सातला कुणी मान वर करून काहीतरी पुटपुटत उभं दिसलं, तर ते सूर्याला नमस्कार करताहेत असं समजू नका. ते आप्पा वडनेरे आहेत आणि ते लोकांच्या एसींची बाहेरची यंत्रं मोजताहेत.

आप्पा कर खात्यातून निवृत्त झाले. म्हणजे खात्याने त्यांना निवृत्त केलं, आप्पांनी ते मनावर घेतलेलं नाही. बायको वारली, मुलगी बंगळुरूला. त्यामुळे हाताशी वेळ भरपूर, आणि डोक्यात शंका त्याहून जास्त.

दोन वर्षांपूर्वी गणपतीच्या वर्गणीचं काम त्यांच्याकडे आलं. तोवर सगळ्या फ्लॅट्सना सारखी वर्गणी होती. आप्पांनी पहिल्याच मीटिंगला तोंड उघडलं.

"सातव्या मजल्यावरचे पाटील द्राक्षं परदेशात पाठवतात. तळमजल्यावरच्या जोशीबाई शिकवण्या घेतात. दोघांना एकच आकडा? ही समानता नाही हो, हा आळस आहे!"

मग आयकरासारखे स्लॅब आले. ज्याचे एसी जास्त, त्याची वर्गणी जास्त. वर उरेल त्यातून महाप्रसादाला वॉचमन, कामाच्या मावश्या, सगळ्यांची कुटुंबं आपल्याच पंगतीत जेवणार.

मला भारी उत्सुकता. श्रीमंतांकडून जास्त घेतलं की अंतर खरंच कमी होतं का? आप्पा जिन्यात भेटले की मी विचारायचो. आप्पा म्हणायचे, "तूर्त नोंद घेतोय."

नोंदी मजेदार होत्या. आठवड्याभरात दोन घरांनी एसीवर वेली सोडल्या. एका गृहस्थांनी तिसरा एसी बिघडलाय म्हणून सूट मागितली. आप्पा त्यांच्याकडे गेले, एसी लावला आणि थंडी वाजेपर्यंत त्याच्याखाली बसून राहिले. पाटलांनी मात्र हसत पूर्ण वर्गणी भरली. दुसऱ्या दिवशी मांडवावर त्यांच्या फोटोचा फलक लागला, तोही मूर्तीपेक्षा मोठा. आरतीचं ताट रोज त्यांच्याच हातात.

"आप्पा, अंतर तर वाढलं की!" मी म्हणालो.

"तुम्ही चुकीचं अंतर मोजताय. मंगलमावशी पाटीलवहिनींच्या शेजारी बसून जेवली आणि मठ्ठ्यात मीठ कमी आहे म्हणून तक्रार केली. आजवर कधी केली होती?"

"पण राहते ती अजून त्याच खोलीत ना?"

यावर आप्पांनी वर्गणीची वही मिटली. नोंद घेतोय असंही म्हणाले नाहीत.

एक गोष्ट मला कळत नव्हती. आप्पांकडे एकही एसी नाही, खाली जुनी स्कूटर. तरी सगळ्यांत वरच्या स्लॅबमध्ये पाटलांच्या खाली त्यांनी स्वतःचं नाव घातलं होतं. यंदा महाप्रसादाच्या आदल्या दिवशी मी विचारलंच.

आप्पांचा थोरला भाऊ येवल्याला पैठणी विणायचा. वडिलांना एकालाच शिकवणं झेपणार होतं. दादा चौदाव्या वर्षी मागावर बसले आणि आप्पा कॉलेजात गेले.

"माझी नोकरी, पेन्शन, हा फ्लॅट, सगळं दादाच्या मागावर विणलंय," आप्पा म्हणाले. "बाहेरून दिसत नाही एवढंच."

ते भावाला पैसे पाठवायचे. दादा ते परत पाठवायचे आणि वर फोन करायचे, "मी काय सरकार हाय का रे बाळ्या? माझ्याकडं कर कशाला भरतो?"

आता दादांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू झाला होता. धागा दिसेना, म्हणून माग बंद पडला. तरी ऑपरेशनला आप्पांचा पैसा नको म्हणजे नको.

"उद्या जेवायला येतोय," आप्पा म्हणाले. "उद्याही नाही म्हणाला, तर जन्मभर दुसऱ्यांकडून वसुली करून मी काय मिळवलं, सांगा बरं?"



दुसऱ्या दिवशी दादा एसटीने आले. पंगतीत आप्पा त्यांच्या उजव्या हाताला बसले. दादा पानात वाटी चाचपडू लागले, तशी आप्पांनी ती उचलून त्यांच्या हातात दिली. स्वतः फार जेवले नाहीत.

जेवणानंतर आप्पांनी विषय काढला. दवाखाना, डॉक्टर, तारीख, सगळं ऑफिसातल्या आवाजात एका दमात सांगून टाकलं. दादा बडीशेप चघळत राहिले. मी उगाच खुर्च्या सरळ करत जवळच घुटमळत होतो.

"एक काम कर," दादा शेवटी म्हणाले. "उजव्या डोळ्याचं तू भर. डाव्याचं मी भरतो. आन् डाव्याच्या मधी तू पडायचं नाय."

आप्पांनी नाक ओढलं. नुसती होकाराची मान हलवत राहिले. दादांना ती दिसली नसावी.

"रडतो काय रे?" म्हणत दादांनी अंदाजाने हात पुढे केला. तो नेमका माझ्या खांद्यावर पडला. मलाही भरून आलं होतं. मी तो हात उचलला आणि आप्पांच्या खांद्यावर ठेवला.