पुढे उभी राहणारी काजल

आमच्या वरच्या खोलीच्या भिंतीवर, कमरेएवढ्या उंचीला, दोन तळव्यांचे मळकट ठसे आहेत. ते काजलचे. दुपारी ती फरशीवर आडवी होते, पाय भिंतीला उभे लावते आणि तशीच झोपते. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, पोरगी पडली. मी ओरडले, तर डोळेही न उघडता म्हणाली, "काही नाही, आजी. पायातलं रक्त वापस पाठवून राहिली."

काजल फुटबॉल खेळते. हौस म्हणून नाही, पोटासाठी. मूळची नागपूरजवळच्या खाप्याची. बाविशीची असेल. सरावाचं मैदान जवळ म्हणून नागपुरात, जरीपटक्यात माझ्याकडे भाड्यानं राहते. बाहेरगावचा एक क्लब तिला हंगामापुरता करारावर घेतो. हंगाम लहान आणि वर्ष मोठं, तेव्हा उरलेले महिने ती इथंच पळत असते. टीममध्ये ती फॉरवर्ड. म्हणजे काय, ते मी तिला विचारलं होतं.

"सगळ्यात पुढं उभं राहाचं, आजी."

"आन कराचं काय?"

"बॉलची वाट पाहाची."

"मंग पळते कोण?"

"पळते बी मीच. पण बॉल येतच नाही."

हे ती अशा थकलेल्या आवाजात बोलली, की मी तिला स्टूल सरकवलं.

'बॉल आला पायजे' हे तिचं सगळ्यावरचं उत्तर. नळाला पाणी आलं का? बॉल आला पायजे. ताप उतरला का? बॉल आला पायजे. लग्नाचं काय वं? यालाही तेच. चिडत नाही, हसतही नाही. ऑफिसातून आलेल्या म्हाताऱ्या बाबूसारखी पिशवी खाली ठेवते आणि बोलते.

सराव झाला त्या दिवशी जिना उलटा उतरते, कठड्याला धरून, पाठ खालच्या पायऱ्यांकडे करून. मांड्या कमी दुखतात म्हणे. मी आधी हसले. मग माझ्या गुडघ्यांसाठी मीही उतरून पाहिलं. बरं वाटतं. आता आम्ही दोघी उलट्या उतरतो. समोरच्या सिंधीणबाईंना वाटतं, आम्ही कुणाला तरी नमस्कार करत मागे सरकतोय.

पण तिची सगळ्यात मोठी खोड वेगळीच. आपल्यात कुणाला पाय लागला की आपण त्याला हात लावून कपाळाला लावतो. माणसाला, पुस्तकाला, फार तर धान्याला. काजल सगळ्याला लावते. बादलीला पाय लागला, हात कपाळाला. मांजरीला लागला, तरी तेच. मांजर पळून जाते आणि ही तिच्या मागे वाकून जाते. मी म्हणाले, "अवं, तुह्यावाला धंदाच लाथा माराचा आहे. किती जणांच्या पाया पडशील?"

"कोच सर बी हेच म्हणते. पण हात आपोआप जाते, आजी."

यंदा क्लबनं लवकर कळवलं नाही. तिकडे खाप्यात तिच्या मामानं स्थळ पाहून ठेवलं होतं. वडील नाहीत, घर मामाच्या शब्दावर चालतं. त्यानं फोनवर स्पष्ट सांगितलं, "क्लबनं घेतलं तं खेळ. नाही घेतलं तं मी पाहुणे बोलावतो. मंग माह्यासमोर रडाचं नाही." म्हणजे यंदाचा करार गेला की खेळ गेला. हे मला फुटबॉल न कळताही कळलं.

क्लबचा माणूस नागपुरात एक सामना पाहायला येणार होता. काजल म्हणाली, "आजी, चला ना. माह्याकडून कोणीच नसते पाहाले." म्हणून गेले. ऊन भलतं होतं. पायऱ्यांवर रुमाल टाकून बसले. ही बया सगळ्यांच्या पुढे, कमरेवर हात ठेवून उभी. बराच वेळ तशीच. बस थांब्यावरची बाईसुद्धा इतकी उभी राहत नाही.

मग बॉल आला. काजल जी सुटली, ती मला ओळखू येईना. आडव्या आलेल्या दोघी मागे पडल्या. समोर एकटी गोलकीपर. ती धावत पुढे आली, दोघींची टक्कर झाली, काजलचा बूट तिच्या खांद्याला लागला आणि ती पोरगी आडवी झाली. बॉल पुढे घरंगळला. जाळी रिकामी. मीसुद्धा उभी राहून ओरडले, "मार वं, मार!"

काजल मागे वळली. वाकली. त्या पोरीच्या खांद्याला हात लावला आणि कपाळाला लावला.

तोवर एका लांबटांगीनं बॉल पार पलीकडे भिरकावून दिला होता. मैदान हसलं. क्लबचा माणूसही हसला, बाटलीचं झाकण लावलं आणि सामना संपायच्या आत उठून गेला.

येताना ऑटोत मी म्हणाले, "पाया पडाचं होतं तं गोल मारून पडाची."

"हो ना."

"मंग काहून वळली?"

"ती हललीच नाही, आजी. मले वाटलं, जोरात लागलं तिले."

"लागलं होतं का?"

"नाही. नाटक करून राहिली होती."

मग क्लबचा फोन आला. पुढच्या वर्षी पाहू म्हणाले. ती जिन्यावर बसून होती. थोड्या वेळानं तिनं माझ्यासमोरच आईला फोन लावला. "घेतलं आई. परवा निघते." फोन ठेवल्यावर मी विचारलं, खोटं काहून बोलली?

"मामा आईच्या बाजूलेच बसला होता. आता गेली मी."

अशी ती गेली आणि वरच्याच खोलीत राहिली. खाप्याची माणसं कळमन्याच्या बाजारात माल घेऊन येतात, त्यातल्या कुणी पाहू नये म्हणून बाहेर पडताना दुपट्ट्यानं तोंड बांधू लागली. नागपुरात तोंड बांधलेल्या पोरीकडे कोण पाहतं? सराव मात्र सुटला नाही. जेवायला ती खाली येऊ लागली. म्हणाली, "टीमसोबत जेवाची सवय लागली, आजी. एकटीनं घास उतरत नाही." मी ताट वाढलं.

एके दुपारी आम्ही जेवत होतो आणि माझा फोन वाजला. काजलची आई. बाई गावाकडच्या, इतक्या मोठ्यानं बोलतात की फोन नसता तरी चाललं असतं.

"आजी, काजल तं गेली तिकडं खेळाले. मामाले बी तसंच सांगतलं मी. आता पुढच्या वर्षापर्यंत पाहुण्याचं नाव नाही काढाचं, म्हटलं."

"बरं केलं."

मग बाई म्हणाल्या, "आजी, जेवते ना ती?"

काजलचा हात ताटात थांबला. मला या वयात खोटं बोलायचा कंटाळा येतो. मी म्हणाले, "जेवते. पण वांगे बाजूले सारून ठेवते."

"लहानपणापासून तशीच हाय," आई म्हणाली आणि फोन ठेवला.

काजलनं ताटाच्या कडेला सारलेली वांगी ओढून घेतली आणि एकेक करून सगळी खाल्ली.