जस्टिस खांबेटे यांना घेता येणार नाही

उपसलेला बर्फ कुणी परत आणून टाकेल, असं मला आधी कुणी सांगितलं असतं तर मी हसलो असतो. एडमंटनमधल्या आमच्या पहिल्याच हिवाळ्यात, शेजारधर्म म्हणून, मी माझ्या ड्राइव्हवेबरोबर शेजारच्या खांबेट्यांचाही साफ केला. तासाभराने खिडकीतून पाहतो, तर लांब कोट घातलेले खांबेटे फावड्याने तोच बर्फ पुन्हा आपल्या ड्राइव्हवेवर पसरत होते. सगळा पसरून झाल्यावर त्यांनी तो स्वतः उपसला.

संध्याकाळी खुलासा करायला आले. "मिस्टर नाफडे, मला घेता येणार नाही. उद्या तुम्ही माझ्यासमोर उभे राहिलात तर?"

खांबेटे जज होते. इथल्या केंद्र सरकारने नेमलेले, खुनापासून कंपन्यांच्या भांडणांपर्यंत मोठे खटले चालवणारे. साताऱ्याहून शिकायला आले, इथेच वकील झाले, उत्तरेकडच्या तेलाच्या गावांत सरकारी वकिली केली आणि पन्नाशीत खुर्चीवर बसले. कौतुक मलाही होतं. पण मी पूल बांधणारा इंजिनिअर. मला आजवर पार्किंगचं साधं तिकीट मिळालेलं नाही. मी यांच्यासमोर कशाला उभा राहतोय? माझ्याच घरात बसून हा माणूस मला होतकरू गुन्हेगार ठरवत होता, आणि तेही 'मिस्टर' लावून.

मंडळाच्या गणपतीला ते घरून स्वतःचा मोदक डबीतून आणायचे. आरती झाली की कोपऱ्यात उभं राहून तोच खायचे. संक्रांतीला माझी सहा वर्षांची मुलगी तिळगूळ घेऊन गेली, तर वाकून म्हणाले, "मला घेता येणार नाही. पण मी गोड बोलेन." पोर घरी येऊन म्हणाली, "बाबा, ही इज सो वीअर्ड." मी तिला रागावलो नाही.

हे सगळं हसण्यावारी नेलं असतं. पण त्यांच्या पत्नीचं, सुमनताईंचं काय? त्या बोलक्या, हौशी. दरवर्षी आमच्याकडे हळदीकुंकवाला यायच्या, आणि निघताना हातातलं वाण हळूच टेबलावर ठेवायच्या. "ह्यांना चालत नाही गं," एवढंच. माझी बायको वैशाली ते उचलून त्यांच्या नावाने कपाटात ठेवायची. एका बाईने आयुष्यभर चहाच्या गाळणीलासुद्धा नाही म्हणायचं, हा कुठला न्याय? मला त्या माणसाचा मनापासून राग यायचा.

चार वर्षांपूर्वी, जानेवारीत, सुमनताई गेल्या. वैशालीने पिठलं-भात केला. माणूस गेलेल्या घरी चूल पेटत नाही, जेवण शेजारी नेतात, हे साताऱ्याच्या माणसाला मी सांगायचं? उणे तीस होतं. डबा टॉवेलात गुंडाळून मी गेलो. खांबेट्यांनी दार उघडलं. अंगात सूट होता.

"मला घेता येणार नाही. उद्या तुम्ही..."

"उभा राहिलो तर फाशी द्या, साहेब. पण आज जेवा."

"या देशात फाशी नाही, मिस्टर नाफडे," ते म्हणाले आणि दार लावून घेतलं.

मी डबा घेऊन परत आलो. त्यानंतर चार वर्षं मी त्यांच्याशी एक शब्द बोललो नाही.

गेल्या नोव्हेंबरात ते पंचाहत्तर वर्षांचे झाले. त्या वयाला इथे जजना निवृत्त व्हावंच लागतं. दुसऱ्या दिवशी सकाळी बेल वाजली. पायरीवर खांबेटे, हातात स्वतःचा रिकामा स्टीलचा डबा.

"मिस्टर नाफडे, कालपासून मी जज नाही. त्या दिवशीचं पिठलं आज मिळेल का?"

चार वर्षं घोकलेलं सगळं मी एका दमात बोललो. कपाटात पडून राहिलेल्या वाणाचंही बोललो.

"खरं आहे," शेवटी ते म्हणाले. "त्या दिवशी दार लावून मी आतच उभा होतो. वास येत होता. मग तेरा दिवस टोस्ट खाल्ला."

"आधी आत घ्या त्यांना, घर गार पडतंय," मागून वैशाली म्हणाली.

ते जेवले. तीनदा वाढून घेतलं. इतकी भूक असलेला माणूस दारातून डबा परत पाठवतो, याचा मला नव्याने राग आला. मग वैशालीने कपाटातलं वाण आणून समोर मांडलं. गाळणी, चिमटा, वाट्या, एक छोटा बटवा.

"हे मला घेता येईल?" त्यांनी विचारलं.

"तुमचं नाहीच ते. त्यांचं आहे," वैशाली म्हणाली.

हात पुसून ते एकेक वस्तू डब्यात ठेवू लागले. गाळणी मावेना. ती त्यांनी कोटाच्या आतल्या खिशात ठेवली.

मला तिथे बसवेना. मी फावडं घेतलं आणि त्यांचा ड्राइव्हवे साफ करायला गेलो. राग कुठेतरी काढायला हवा होता.