दुसरी टाकी

शेजारची व्हर्ना टिडवेल लिंबाचा केक घेऊन दारात आली, तेव्हाच डेल्बर्टने ओळखलं की हिचं काहीतरी काम आहे. टेक्सासमधल्या मेस्कीट बेंड गावात केक दोनच कारणांनी घरी येतो. एक तर कुणी गेलेलं असतं, नाहीतर कुणाला काही हवं असतं. व्हर्नाचा नवरा रॉइस जाऊन वर्ष होत आलं होतं, आणि तेव्हाचे केक इकडून तिकडे गेले होते.

"डेल्बर्ट, रॉइसची पिकअप विकायचीय मला," व्हर्ना खुर्चीत टेकत म्हणाली. "तुझ्या सदरात लिही ना तिच्याबद्दल. चांगलं, वाईट, जे असेल ते. तू लिहिलंस की गिऱ्हाईक येतं."

यात खोटं काही नव्हतं. गावच्या साप्ताहिकात डेल्बर्ट हचिन्स 'घेण्याआधी' नावाचं सदर लिहायचा. ट्रॅक्टर, गवत कापायचं यंत्र, जुनी गाडी, कुणी काहीही विकायला काढलं की हा ते स्वतः चालवून बघणार आणि त्याचे गुणदोष छापणार. त्याचा शब्द वाचल्याशिवाय आसपासचे लोक साधी ढकलगाडीसुद्धा घेत नसत.

"विकतेस?" एवढंच तो म्हणू शकला, कारण केक घशात अडकला होता.

त्या गाडीत त्याचा जीव तरुणपणापासून अडकला होता. तपकिरी आणि सायीच्या रंगाची, लांबरुंद, आत या टोकापासून त्या टोकापर्यंत एकच सलग बाक, गिअरची दांडी स्टिअरिंगला चिकटलेली, काचा हाताने फिरवून खाली करायच्या. ती नवीकोरी विकायला उभी होती, तेव्हा डेल्बर्ट तिच्याभोवती चकरा मारून वडिलांची परवानगी काढायला घरी गेला. परत येतो तो रॉइस टिडवेल ती घेऊन गेलासुद्धा. वर त्याच उन्हाळ्यात जत्रेच्या संध्याकाळी रॉइसने त्याच गाडीतून अर्लीनला नेलं, आणि तेही खिडकीशी नाही, बाकावर मधोमध, स्वतःला खेटून बसवून. मेस्कीट बेंडमध्ये मुलगी पिकअपमध्ये खिडकीशी बसली तर नुसती ओळख; मधे बसली तर गावाने समजायचं ते समजून घ्यायचं. पुढे अर्लीनने लग्न डेल्बर्टशी केलं, रॉइसने व्हर्नाशी केलं, सगळं रीतसर पार पडलं. पण ती मधली जागा आठवली की डेल्बर्टच्या पोटात अजून दुखायचं.

"मग तूच घेऊन टाक की," व्हर्ना गेल्यावर अर्लीन म्हणाली.

"मी? ते खटारं?"

"जेवताना खिडकीतून बघतोस त्या खटाऱ्याकडे. मला मीठ मागतोस आणि मान तिकडे असते तुझी."

अडचण वेगळीच होती. रॉइसची गाडी म्हणजे निव्वळ भंगार आहे, हे डेल्बर्ट आयुष्यभर सांगत आला होता. न्हाव्याकडे सांगितलं होतं, चर्चच्या पायऱ्यांवर सांगितलं होतं, रॉइसच्या तोंडावर तर दर आठवड्याला. आता तीच गाडी मागायला जायचं म्हणजे बोललेलं सगळं गावासमोर गिळायचं. ते त्याच्याने होण्यासारखं नव्हतं.

त्यापेक्षा त्याला दुसरी युक्ती सुचली. लिहायचं खरंच, फक्त दोष जरा ठळक लिहायचे. कुणी फिरकणार नाही. मग एक दिवस आपण जायचं, मोठा सुस्कारा टाकायचा आणि म्हणायचं, "जाऊ दे व्हर्ना, शेजारधर्म म्हणून मीच नेतो." म्हणजे गाडीही आपली आणि उपकारही आपले.

दुसऱ्या दिवशी तो गाडी चालवून बघायला गेला. सोबत अर्लीनला घेतलं. ती दार उघडून खिडकीशी बसणार, तेवढ्यात मेजर आला. मेजर म्हणजे रॉइसचा म्हातारा शिकारी कुत्रा. खिडकीची जागा त्याची होती आणि ती त्याने कुणासाठी कधी सोडली नव्हती. तो चढला, अर्लीनकडे पाहून गुरगुरला, आणि अर्लीन मुकाट्याने बाकावरून सरकत मधे गेली.

डेल्बर्टला कुत्र्याचा मुका घ्यावासा वाटला. इतक्या वर्षांनी त्याच गाडीत, त्याच मधल्या जागेवर अर्लीन, आणि स्टिअरिंगवर तो! रस्त्यावर समोरून येणारा प्रत्येक जण स्टिअरिंगवरून दोन बोटं उचलून रामराम करत होता. डेल्बर्टच्या स्वतःच्या नव्या गाडीला काळ्या काचा होत्या. तिच्यात तो आहे की आणखी कोण, हे कुणाला दिसायचं नाही आणि बोटंही कुणी उचलायचं नाही. मग त्याच्या लक्षात आलं की ही बोटं आपल्यासाठी नाहीतच, ती सवयीने रॉइसच्या गाडीला उचलली जातायत. त्याचा आनंद थोडा उतरला.

कोल्सनच्या टेकडीच्या चढावर गाडी खोकली, दोन आचके दिले आणि बंद पडायला आली.

"बघ! म्हटलं नव्हतं मी, भंगार आहे!"

अर्लीनने शांतपणे हात पुढे केला, स्टिअरिंगखालचा एक बारकासा खटका दाबला, आणि इंजिन पुन्हा सुरळीत घुमायला लागलं.

"हे काय केलंस?"

"दोन टाक्या आहेत रे हिला. पुढची संपली की मागची लावायची."

"ते मला माहितीये. तुला कसं माहीत?"

अर्लीन समोर रस्त्याकडे बघत राहिली. "जत्रेच्या दिवशी याच चढावर बंद पडली होती. रॉइस म्हणाला, पेट्रोल संपलं. आता कुणी येईपर्यंत थांबावं लागेल."

"पण दुसरी टाकी भरलेली असेल ना!"

"भरलेलीच होती. ते मला नंतर कळलं."

"नंतर म्हणजे कधी?"

"सूर्य मावळल्यावर," अर्लीन म्हणाली आणि तिला उगाचच हसू आलं. "गिअर बदल, डेल्बर्ट. इंजिन रडतंय."

घरी येऊन डेल्बर्ट जो लिहायला बसला तो रागाने लालबुंद होऊन. मेलेल्या माणसाशी भांडता येत नाही, म्हणून त्याने सगळा जळफळाट गाडीवर काढला. 'ही गाडी तुम्हाला काहीही सांगत नाही,' त्याने लिहिलं. 'रस्ता चुकलात तरी गप्प, पट्टा लावला नाहीत तरी गप्प. मागचं दाखवायला पडदा नाही, मान वळवून स्वतःच्या डोळ्यांनी बघावं लागतं. बॉनेट उघडलं तर आत एक इंजिन आणि एवढी मोकळी जागा की माणूस उतरून उभा राहील. साधा पाना घेऊन कोणीही ऐरागैरा ती दुरुस्त करू शकतो. आत इतका आवाज की फोन वाजलेला ऐकू येत नाही. खिडकीची जागा कुत्र्याची आहे. आणि बाक सलग असल्याने शेजारी बसलेली बाई वळणावर सरकून अंगावर येते, तिला अडवायला मधे काहीसुद्धा नाही. ज्यांनी घ्यायची त्यांनी विचार करून घ्यावी.'

लेख छापून आला त्या सकाळी डेल्बर्ट सुस्कारा टाकायचा सराव करत होता. बाहेर गाड्यांचे आवाज यायला लागले म्हणून त्याने खिडकीतून पाहिलं. व्हर्नाच्या फाटकापासून पार गिरणीच्या वळणापर्यंत रांग लागली होती.

तो धावत बाहेर गेला. पहिल्यांदा भेटला तो न्हावी हॉलिस. त्याने डेल्बर्टचा हात दोन्ही हातांत धरला. "काय लिहिलंयस रे! बायकोला वाचून दाखवलं. सरकून अंगावर येते म्हणे! आमच्या गाडीत मधे एवढा मोठा खोका आहे, त्यात नुसती सुटी नाणी आणि जुन्या पावत्या."

"अरे, दोष लिहिलेत मी!"

"फोन ऐकू येत नाही हा दोष? डेल्बर्ट, माझी सासू दिवसातून किती वेळा फोन करते माहितीये तुला?"

दुपारपर्यंत गुरांच्या लिलावासारखी चढाओढ सुरू झाली. व्हर्ना अंगणात थंड चहा वाटत होती आणि गोंधळून सगळ्यांकडे बघत होती. शेवटी सगळ्यांच्या वर बोली गेली ती फोनवरून, डॅलसच्या एका दातांच्या डॉक्टरची. लेख त्याला कुणीतरी पाठवला होता. रविवारी येतो, एक फेरी मारतो आणि घेऊनच जातो, असं त्याने कळवलं.

डेल्बर्टच्या तोंडचं पाणी पळालं. डॅलसचा दातवाला! रॉइसकडे होती तोपर्यंत निदान ती समोर दिसत तरी होती.

"अजून वेळ गेलेली नाही," अर्लीन म्हणाली. "जा आणि व्हर्नाला सांग की मला हवीय. एक वाक्य आहे."

"त्यापेक्षा मी मरेन."

"मग केक मी करून ठेवते."

रविवारी चर्च सुटल्यावर डॉक्टर आला. इस्त्री केलेली जीन्स, बूट असे कोरे की पावलागणिक कुरकुरत होते. डेल्बर्ट आपणहून पुढे झाला. "थांबा, मी गाडी घरामागून अंगणात आणतो," म्हणाला. आणली, आणि उतरता उतरता कुणाला दिसणार नाही अशा बेताने तो बारकासा खटका रिकाम्या टाकीवर टाकून ठेवला. नळीत उरलेल्या पेट्रोलवर ती कोल्सनच्या चढापर्यंत बरोबर पोचणार होती.

डॉक्टर स्टिअरिंगवर बसला. मेजर खिडकीशी चढला. "मॅडम, तुम्ही पण चला, रस्ता दाखवायला," म्हणून त्याने व्हर्नाला मधे बसवलं. गाडी फाटकाबाहेर पडली आणि डेल्बर्ट पायरीवर पाय पसरून बसला.

"काय केलंस?" अर्लीनने विचारलं.

"मी? मी कुठे काय केलं?"

बऱ्याच वेळाने गाडी परत आली. आली ती इतक्या जोरात की अंगणातल्या कोंबड्या छपरावर गेल्या. खिडकीशी मेजर होता, कान वाऱ्यावर सोडून. मधे डॉक्टर होता, चेहरा पांढराफटक, दोन्ही हातांनी कुत्र्याला धरून. आणि स्टिअरिंगवर व्हर्ना होती. डेल्बर्टला जाणवलं की त्याला दातवाल्याचाही हेवा वाटतोय, कारण मधली जागा आता त्याच्याकडेसुद्धा होती.

डॉक्टर उतरला, "विचार करून कळवतो, मॅडम," एवढंच पुटपुटला आणि आपल्या गाडीत बसून डॅलसच्या दिशेने निघून गेला.

"चढावर बंद पडली," व्हर्ना खाली उतरत म्हणाली. तिचे केस विस्कटले होते आणि गाल तापले होते. "तो बिचारा फोन करून गाडी ओढायला माणूस बोलवत होता. मी म्हटलं, सरका. डेल्बर्ट, खटका पुढच्या टाकीवर कुणी टाकला रे?"

"खटका? कुठला खटका?"

पण अर्लीन व्हर्नाकडे बघत होती. "व्हर्ना, तुला कसं माहीत खटक्याचं?"

"अगं, लग्नाआधी रॉइसने एकदा... त्या चढावर..." व्हर्ना थांबली. "तुला कसं माहीत?"

"त्याच चढावर."

"पेट्रोल संपलं म्हणाला?"

"आता कुणी येईपर्यंत थांबावं लागेल म्हणाला."

"मेला! मला वाटायचं मलाच!"

दोघी गाडीला टेकून हसायला लागल्या. हसता हसता व्हर्नाच्या डोळ्यांत पाणी आलं, ते तिने पुसलं, आणि पुन्हा हसायला लागली. डेल्बर्ट मधे उभा होता. त्याच्याकडे कुणाचंच लक्ष नव्हतं. आपल्याला त्या वयात ही युक्ती का सुचली नाही, याचंच त्याला सगळ्यात जास्त दुःख झालं.

मग त्याने टोपी काढली. "व्हर्ना," तो म्हणाला, आणि ते एक वाक्य त्याच्या घशातून खरवडत बाहेर आलं, "मला हवीय ती. पहिल्यापासून हवी होती."

व्हर्नाने विस्कटलेले केस मागे सारले. "माहितीये रे. रॉइसलाही माहीत होतं. तू भंगार म्हणालास की रात्री जेवताना मला सांगायचा, आज डेल्बर्ट पुन्हा गाडीभोवती फिरून गेला म्हणून." तिने बॉनेटवर हात ठेवला. "पण आता नाही देत मी. माहेरी ट्रॅक्टर चालवायचे मी, पण रॉइसने हिच्या स्टिअरिंगला कधी हात लावू दिला नाही. तुझा लेख वाचला तेव्हा कळलं दारात काय उभं आहे ते. आणि आज चालवली. आठवडाभर आधी बोलला असतास, डेल्बर्ट, तर केकसकट दिली असती."

त्या वर्षीच्या जत्रेला निघायच्या वेळी डेल्बर्टची नवी गाडी सुरूच होईना. पडद्यावर एक गोल फिरत होता आणि थोडा वेळ थांबा, असं लिहून येत होतं. इतक्यात फाटकाशी ओळखीचा भोंगा वाजला. अर्लीन नवा झगा घालून तयारच होती. ती चढली आणि खिडकीशी बसलेल्या मेजरला ओलांडून मधे गेली. मेजरला तिने उठवलंसुद्धा नाही.

"तू पण ये," व्हर्ना म्हणाली. "मागे जागा आहे."

मागे म्हणजे उघड्या हौद्यात. तिथे जत्रेच्या स्पर्धेसाठी चाललेला व्हर्नाचा भोपळा होता. शेवटी एकदाचा डेल्बर्ट हचिन्स त्या गाडीतून जत्रेला निघाला. उलट्या तोंडाने, भोपळ्याला मिठी मारून. समोरून येणारे लोक दोन बोटं उचलत होते, ती सगळी व्हर्नाला.

कोल्सनच्या चढावर गाडी खोकली, दोन आचके दिले आणि थांबली. मागची छोटी काच सरकली आणि अर्लीनचा चेहरा दिसला. तो फारच गंभीर होता.

"डेल्बर्ट, पेट्रोल संपलं वाटतं."

"खटका दाब!"

"कुठला खटका?" आतून व्हर्नाने विचारलं.

"स्टिअरिंगखाली! तुम्हाला दोघींनाही माहितीये!"

"आम्हाला बायकांना काय कळतं त्यातलं," अर्लीन म्हणाली. "जरा उतरून ढकलतोस का?"

त्याला सगळं समजत होतं. तरीही तो उतरला, कारण भोपळ्याशेजारी बसून वाद घालण्यात अर्थ नव्हता. त्याने बाह्या वर केल्या, दोन्ही तळवे गाडीच्या तपकिरी पत्र्यावर ठेवले आणि जोर लावला. पत्रा उन्हाने गरम होता. इतक्या वर्षांत त्याने तिला असा पोटभर हात पहिल्यांदाच लावला होता, आणि ती त्याला हवी होती.

इंजिन घुमलं. गाडी त्याच्या हातांखालून निसटली आणि चढ चढायला लागली. आतून हसण्याचा आवाज आला, मेजर भुंकला, आणि दोन्ही खिडक्यांतून एकेक हात बाहेर आला, एक मेजरच्या डोक्यावरून. प्रत्येक हाताची दोन बोटं वर होती.

डेल्बर्टने धूळ झटकली. जत्रा टेकडीच्या पलीकडे होती, पायी जाण्यासारखी. त्याने गाडी दिसेनाशी होईपर्यंत पाहिलं, आणि मग कुणी बघत नाही ना याची खात्री करून घेऊन त्यानेही दोन बोटं उचलली.