ज्यांची आई हयात नाही, त्यांनी हात वर करावेत

सकाळी दहा वाजता, शाळेच्या हॉलमध्ये, साऱ्या गावासमोर मिस डीनाने गोष्ट सांगायला साफ नकार दिला.

ती रागावलेली नव्हती. कडक इस्त्रीचा पांढरा झगा, लग्नाकार्यात घालायची हॅट, मांडीवर घडी घातलेला रुमाल, अशी ती व्यासपीठावर बसली होती. तिने खिडकीबाहेर बोट दाखवलं आणि म्हणाली, "टीचर, ऊन पडलंय."

टीचर टलॉकना वाटलं, बाईंना उकडतंय. "हातपंखा आणू का, मिस डीना?"

"पंखा नको. ऊन पडलंय म्हणते मी. आठ पायांच्या कोळ्याची गोष्ट दिवसा सांगायची नसते. सांगणाऱ्याची आई मरते."

हॉलमधल्या सगळ्या माना हलल्या. आमच्या डोंगरावर हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे.

टीचर आवाज खाली आणून म्हणाल्या, "हो, पण मिस डीना, तुम्ही चौऱ्याहत्तर वर्षांच्या आहात."

"मी आहे. आई शहाण्णवची आहे. मी निघाले तेव्हा ओट्यावर कच्ची केळी सोलत होती. तिला मारून येऊ का?"

टीचर टलॉक काही परक्या नव्हत्या. याच डोंगरावर वाढलेल्या. पण दिवसभर शाळा असायची, म्हणून मिस डीनाच्या ओट्यावर बसून त्यांनी कोळ्याच्या सगळ्या गोष्टी लिहून घेतल्या होत्या संध्याकाळच्या, कंदील लावून, मिस डीनाची आई आत झोपून गेल्यावर. लिहून झाल्या, मुलांनी चित्रं काढली, किंग्स्टनच्या छापखान्यातून पुस्तक होऊन आलं, तरी उन्हाचा प्रश्न कधी आडवा आला नव्हता. तो आला आज, शिक्षण खात्याचे शँडसाहेब पहिल्या रांगेत बसलेले असताना.

साहेबांनी आधीच सांगून ठेवलं होतं, "छापलेली पुस्तकं माझ्याकडे ढिगाने येतात. या गोष्टी त्या बाईंच्या तोंडून ऐकू द्या, मुलं कशी ऐकतात ते पाहू द्या. मग बेटावरच्या सगळ्या शाळांसाठी सही करतो." बारा वाजता त्यांची जीप पोर्ट अँटोनियोला निघणार होती. सही झाली नाही तर पुस्तकांचे गठ्ठे टीचरांच्या पलंगाखाली राहणार, आणि मुलांच्या हातात पुन्हा तेच जुनं विलायती पुस्तक येणार, ज्यात गुलाबी गालांचं एक पोरगं बर्फात खेळतं. आमच्याकडे बर्फ मिळतो तो हातगाडीवर, किसून, वर लाल सिरप घालून. दर वर्षी कोणीतरी विचारतंच, "टीचर, एवढा बर्फ पडलाय, तर सिरप कुठंय?" या प्रश्नाला उत्तर देऊन देऊन टीचर म्हाताऱ्या होत चालल्या होत्या, आणि या पुस्तकात त्यांचा जीव अडकला होता.

"मग दुसरं कोणीतरी सांगेल," त्या सावरून म्हणाल्या. "गोष्टी तर सगळ्यांना येतात. ज्यांची आई हयात नाही, त्यांनी हात वर करावेत."

त्यांनी हजेरी घ्यावी तसं विचारलं. पण हा प्रश्न असा चारचौघांत कोणी विचारत नाही. मग मागून एक हात वर गेला, मग दुसरा, मग बरेच. हात वर धरूनच माणसं एकमेकांकडे बघायला लागली.

"अगं, तुझीपण गेली? कधी?"

"फेब्रुवारीत. मयतीला तू आली होतीस की. बकऱ्याचं सूप दोनदा मागून घेतलंस."

कोणीतरी हुंदका दिला. एकीने दिला की दुसरीला आवरत नाही. डीकन लॅसेल्स उठून उभे राहिले. चर्चमधला भारदस्त माणूस, साठीचा. हातातली हॅट छातीशी धरून ते म्हणाले, "बंधुभगिनींनो, हात वर आहेतच, तर प्रार्थना करून घेऊ."

प्रार्थनेनंतर आपोआप गाणं आलं, मयतीला म्हणतात ते. आमच्यात मयतीच्या गाण्याची कडवी गाळायची पद्धत नाही. शँडसाहेबांनाही उभं राहावं लागलं. अशा वेळी घड्याळ बघणं बरं दिसेना.

गाणं संपल्यावर टीचरांनी डोळे पुसले आणि लगेच मुद्द्यावर आल्या. "डीकन, तुमचा हात वर होता."

"होता. मी सहा महिन्यांचा असताना आई गेली. सांगतो मी गोष्ट." डीकन व्यासपीठावर चढले, खाकरले.

"लॅसेल्स," दुसऱ्या रांगेतून आवाज आला. मिस यूलाचा. काठीवर दोन्ही हात ठेवून ती बसली होती.

"जी."

"सहा महिन्यांचा होतास तेव्हापासून तुला कोणी वाढवलं?"

"तुम्ही, मिस यूला."

"तुझा कान फुटला तेव्हा मांडीवर घेऊन कोण बसलं होतं? तुझ्या लग्नाचा केक कोणी केला?"

"तुम्हीच."

"मग मी कोण? शेजारीण?"

डीकन खाली उतरले. तरी तिचं संपलं नव्हतं. "आणि मेल्या, मी इथे धडधडीत बसलेली असताना हात वर केलास!"

हे ऐकल्यावर बाकीचे हात भराभर खाली आले. कोणाला आजीने वाढवलं होतं, कोणाला आत्याने, कोणाला गॉडमदरने. आमच्या बेटावर माणसाला एकच आई असणं तसं विरळाच. जन्म देणारी गेली तरी मागे एखाददुसरी असतेच, आणि त्या सकाळी त्या सगळ्याजणी हॉलमध्ये हजर होत्या. त्यांच्याही डोक्यावर कोणीतरी होतीच; खुद्द मिस यूलाला मिस डीनाच्या आईने न्हाऊमाखू घातलं होतं.

शँडसाहेबांचा संयम सुटला. "काय चाललंय हे? आपला देश स्वतंत्र झाला, आणि अजून हे असलं? द्या ते पुस्तक इकडे. मीच वाचतो."

त्यांनी पुस्तक उघडलं, चष्मा सारखा केला आणि वाचलं, "एकदा काय झालं, कोळी समुद्राकडे गेला आणि..."

"साहेब," मिस यूलाने अगदी अदबीने विचारलं, "तुमच्या आई कुठे असतात?"

"स्पॅनिश टाउनला."

"एकट्याच?"

"हो. म्हणजे, एक बाई येते कामाला."

"तब्येत बरी असते?"

"जरा ब्लडप्रेशर आहे," ते म्हणाले. मग त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि पुस्तक मिटलं. "अक्षर फार बारीक छापलंय," ते टीचरांना म्हणाले. कोणी हसलं नाही. हसण्यासारखी गोष्टच नव्हती.

अंधार करायची कल्पना मग साहेबांनीच काढली. खिडक्या लावल्या, फटींना गोणपाट अडकवले, कंदील पेटवला. आत अशी काहिली झाली की डीकनची कॉलर मान टाकायला लागली. मिस डीना कंदिलाकडे पाहत म्हणाली, "टीचर, सूर्य काय खिडकीत राहतो?" वर पत्र्याला खिळ्यांची जुनी भोकं होती. त्यांतून ऊन आत येत होतं, आणि एक कवडसा तर नेमका तिच्या हॅटवर पडला होता.

"तुम्ही डोळे मिटून घ्या ना," टीचर काकुळतीला आल्या. "माझ्यासाठी. या पोरांसाठी."

"टीचर, तुम्ही मागाल ते देईन. कोंबड्या घ्या, ही हॅट घ्या." मिस डीनाचे डोळे भरून आले होते. "पण आई एकच आहे हो माझी."

टीचरांनी घड्याळाकडे पाहिलं. बारा वाजायला आले होते.

तेवढ्यात दार ढकललं गेलं आणि हॉलमध्ये लख्ख ऊन आलं. दारात काळ्या झग्यात ग्रॅनी सेफी उभी होती. मिस डीनाची आई. हातात सोललेल्या केळ्यांचं पातेलं.

"कोण गेलं?" तिने विचारलं.

सगळ्या माना डीकनकडे वळल्या.

"गाणं ऐकलं मी. सगळी कडवी म्हटलीत, म्हणजे कोणीतरी मोठं गेलंय. मला साधं कळवलंसुद्धा नाही. काळा झगा शोधण्यात वेळ गेला, नाहीतर केव्हाच आले असते." तिने पातेलं डीकनच्या हातात दिलं. "मयताच्या घरी द्या हे. कोण गेलं?"

"कोणी नाही गेलं, आई," मिस डीना म्हणाली.

"मग गात का होता?"

"तू जाऊ नयेस म्हणून."

टीचरांनी सगळी हकिगत सांगितली. ग्रॅनीने ती शांतपणे ऐकून घेतली. मग म्हणाली, "माझी आई जाऊन पन्नासच्या वर वर्षं झाली. आजी त्याच्या आधी गेली. आत्या, मावशा, गॉडमदर, सगळ्यांना मीच माती दिली. मला वाढवलेलं या डोंगरावर कोणी उरलं नाही." पुन्हा कोणीतरी हुंदका द्यायच्या बेतात होतं, पण ग्रॅनीला तेवढा वेळ नव्हता. "उघडा त्या खिडक्या. अंधारात मला पोरांची तोंडं दिसत नाहीत."

मग तिने गोष्ट सांगितली. कोळ्याने समुद्राकडून ढोल उसना घेतला आणि परत द्यायला नको म्हणून मेल्याचं सोंग केलं. पण त्याच्याच मयतीत समुद्राने तो ढोल वाजवायला घेतला, आणि कोळ्याचे आठही पाय शवपेटीतून बाहेर आले. ग्रॅनीने ते आठ पाय दोन हातांनी करून दाखवले. पोरं बाकांवर उभी राहिली. शँडसाहेबांचा चष्मा नाकावरून घसरला तरी त्यांना तो वर करायचं सुचलं नाही. मिस डीना केव्हा खुर्चीतून उतरून खाली पोरांत जाऊन बसली, कोणाला कळलं नाही. हॅट मांडीवर घेऊन ती तोंड उघडं टाकून ऐकत होती.

साहेबांनी तिथेच सहीसाठी पेन काढलं, आणि ते अर्ध्यात थांबलं.

"टीचर, शाळा किती वाजता सुटते?"

"तीन वाजता."

"आणि अंधार?"

टीचरांचा चेहरा पडला. बेटावरच्या सगळ्या शाळा उन्हात भरतात, आणि बेटावरच्या सगळ्या शिक्षकांना कोणी ना कोणी आई आहेच.

साहेबांनी जरा विचार केला आणि मंजुरीखाली स्वतःच्या हाताने लिहिलं: हे पुस्तक शाळेत उघडू नये. मुलांनी घरी न्यावे. सरकारने आजवर कुठलंच पुस्तक असं मंजूर केलं नव्हतं. त्यामुळे आजही आमची पोरं शाळेत बर्फाचं पुस्तक वाचतात, आणि दिवे लागल्यावर घरोघरी कोळ्याचं.

जीपमध्ये बसण्यापूर्वी साहेब ग्रॅनी सेफीजवळ आले. इकडेतिकडे बघून हळूच म्हणाले, "ग्रॅनी, मी मघाशी एक ओळ वाचली. अर्धीच."

"अर्ध्या ओळीने आई मरत नाही रे, बाळा," ग्रॅनी म्हणाली. "पण भेटून ये."

पोर्ट अँटोनियोची मंडळी त्या दिवशी हार घेऊन संध्याकाळपर्यंत ताटकळली. साहेबांची जीप स्पॅनिश टाउनच्या रस्त्याला लागली होती.

मायलेकी उतारावरून हळूहळू घरी निघाल्या. पातेलं डीकनकडून परत घेतलं होतं. मयत नव्हतं, तर केळी कशाला सोडायची.

"डीना," ग्रॅनी म्हणाली, "मी गेले की तुलाही दिवसा सांगता येईल हं."

मिस डीनाने पातेलं एका हातात घेतलं आणि दुसऱ्या हाताने आईचा दंड धरला. पुढे रस्त्यावर दगड होते.

"घाई नाही, आई," ती म्हणाली. "मला रात्र पुरते."