परचुऱ्यांची नामावळी

भिंतीत खिळा ठोकायचा असेल तर आपण हातोडी शोधतो. परचुरे आधी पेढे आणतात. दोहाच्या मुऐदर भागातल्या आमच्या व्हिलाचे मालकाने तुकडे पाडून पाच बिऱ्हाडं बसवली आहेत. उरलेल्या चारही दारांशी परचुरे कमरेत वाकून उभे राहणार आणि उद्या चार ते चार दहा आवाज होईल, क्षमा असावी, म्हणणार. खिळा दोन फटक्यांत बसतो. आमची ही म्हणते, यांनी भिंत पाडायला काढली तर आपली दिवाळीच.

ही खोड जपानची. नगरचे परचुरे टोकियोला इंजिनियरिंग शिकायला गेले, दुभाषे म्हणून सिनेमात घुसले आणि निर्माते होऊन बसले. तिथे म्हणे शूटिंगआधी गल्लीभर माफी मागत हिंडावं लागतं. "प्रोड्युसर म्हणजे आधी माफी मागणारा माणूस," हे त्यांचं ब्रीद. वीस वर्षांत तीन सिनेमे काढले, तिन्ही आपटले. मग कतारला, आमच्या ऑफिसात डॉक्युमेंट कंट्रोलर.

वर्ल्ड कप जवळ आला आणि आमच्या मॅनेजरला कंपनीने बांधलेल्या स्टेडियमवर फिल्म हवी झाली. काम दिलं परचुऱ्यांना. माकडाच्या हाती कोलीत म्हणतात ते हेच. स्टेडियम चार मिनिटं, आणि शेवटी अकरा मिनिटं नुसती नावं! वेल्डर, सुतार, डंपरवाले, चहावालासुद्धा. सुट्टीचे कित्येक शुक्रवार बिरकत अल अवामेरच्या कामगार-वस्तीत बसून, एकेकाला विचारून लिहिलेली. पडद्यावर तुझं नाव येणार, असा प्रत्येकाला शब्द दिलेला. कामगारांनी तो गावीही कळवून टाकलेला.

मॅनेजरने घड्याळ पाहिलं. "नाम निकालो. खलास."

परचुरे वाकले आणि नावं काढली. मला वाटलं, संपलं प्रकरण.

पुढच्या शुक्रवारी दुपारी त्यांनी मला प्रोजेक्टर उचलायला लावला. वस्तीच्या जेवणाच्या हॉलमध्ये चादर ताणली. फिल्म सुरू झाली तर स्टेडियमच गायब. ते यांनी रोज बघितलंय, परचुरे म्हणाले, इथे नावंच दाखवायची.

अकरा मिनिटं कुणी जागचं हललं नाही. जो तो व्हिडिओ कॉलवर घरचं माणूस धरून बसलेला. भंडाऱ्याच्या एका वेल्डरचं नाव आलं तशी पलीकडून त्याची बायको म्हणाली, "आलं, आलं, दिसलं."

नावं संपली. परचुऱ्यांचं कुठेच नव्हतं. वायर गुंडाळताना मी जरा चिडूनच विचारलं, स्वतःचं का नाही घातलंत?

ते चादरीच्या घड्या घालत राहिले.

"मी कुणाला फोन लावणार होतो, जोशी?"