भागीरथीबाई मरावयास राजी न जाहल्या त्याची हकीकत

श्री छायादेवी प्रसन्न. पडदा शुभ्र असो, दिवा तेवता असो. शके अठराशे चौपन्न, अंगिरा नाम संवत्सरी, चित्रे नुकतीच बोलो लागली होती. ते समयी एक बोलपटांचे राज्य होते. दाजीसाहेब दिग्दर्शक तेथील धनी, आणि मार्तंडराव म्हणोन नायक, वय चाळिशीचे, परंतु पडद्यावर नित्य विशीचे. त्या राज्यात भागीरथीबाई मांद्रेकरीण चाकरीस आल्या. वय चोवीस, नायिका व्हावे ऐसा मनोदय. दाजीसाहेबांनी न्याहाळोन पाहिले आणि आज्ञा केली की, "मुद्रा मायाळू आहे, मार्तंडरावांची आई व्हावे." मग केसांस पांढरा रंग लाविला, आणि बाई आपणाहून वडील पुत्राच्या माता जाहल्या.

मातेने मध्यंतरापूर्वी मरावे, म्हणजे पुत्र सूड घ्यावयास मोकळा, ऐसा राज्याचा शिरस्ता. बाई तापाने मेल्या, पुरात मेल्या, एकदा तर नुसती वार्ता ऐकोन मेल्या, आणि कीर्ति बहुत जाहली. मग बाईंची सख्खी आई गावाहून आली. तीस हौसेने बोलपटास नेले. लेक पडद्यावर मरताच म्हातारीने हंबरडा फोडिला. लेक शेजारीच बसली होती, हात धरोन "आये, मी ही बघ, हयच आसा" म्हणत होती, तरी ऐकेना. घरी येऊन म्हातारीने ताट सारले आणि बोलली, "आणि कितींदा मरशील गो? पुरे कर." ते बाईंचे काळजास लागले.

दुसरे दिवशी बाईंनी धन्यास अर्ज केला की, "या खेपेस मी मरणार नाही." दाजीसाहेब चकित होऊन बोलले, "बाई, आपण मेल्यावाचून मार्तंडराव सूड कैसा घेतील?" बाई बोलल्या, "खुशाल घेवोत. मी घरी वाट पाहत्ये." धनी संतापले, "मरणे नसेल तर राज्य सोडावे!" बाई खाटेवर जाऊन निजल्या. कॅमेरा सुरू जाहला. मार्तंडराव छातीवर डोके ठेवोन नेहमीचे रडो लागले. आणि मेलेल्या बाईंनी डोळे उघडिले, त्यांच्या केसांतून हात फिरविला आणि पुसिले, "जेवलास का रे?"

मार्तंडराव भाषण विसरले. "नाही," इतकेच वदले, आणि खरेच रडू कोसळले. दाजीसाहेब ओरडो लागले, तो मार्तंडराव डोळे पुशीत बोलले, "धनी, हे ठेवावे. इतकी वर्षे रडलो, परंतु आज रडू आले." मग ठेविले. गावोगावी बायका पदर डोळ्यांस लावोन हसो लागल्या. म्हातारीने पुन्हा पाहिले आणि थेटरातोन निघताच म्हणाली, "चल, भूक लागली."

पुढे बाईंनी आयुष्यभर आईच केली, मेल्या मात्र नाहीत. उतारवयी कोणी पुसिले, "नायिका न जाहल्याचे वाईट वाटते काय?" बाई हसोन बोलल्या, "नायिकेचे लग्न लागले की बोलपट संपतो. मला त्यापुढेही काम असे."

एवंच बाईंची कारकीर्द. थोर थोर नायिका आल्या, गेल्या. बाई घरीच होत्या.