गुऱ्हाळाचं चार भागांचं मानक

एका जंगलात, बाळांनो, गुऱ्हाळ होतं. हसू नका, नाहीतर गोष्ट इथेच थांबेल. पावसाळ्याचे चार महिने अख्खं जंगल त्या गुळावर जगायचं.

उसाचा चरक फिरवायचा धोंडाप्पा हत्ती. चुलाणात चिपाडं सारायचा केसोबा अस्वल. आणि रसाच्या काहिलीपाशी उभेपंत करकोचे. पाक तयार झाला की नाही ते फक्त त्यांनाच कळायचं. तिघंही कामात वाघ. पण तिघं तीन रानांतून आलेले, आणि एकाचं दुसऱ्याला ओ की ठो कळत नसे. धोंडाप्पाला फक्त जमिनीवरचे ठोके कळत. केसोबाला फक्त वास. उभेपंत तर बोलतच नसत, नुसता पाय वर करत.

मग काम चालायचं कसं? मंजुळाबाई साळुंकीमुळे. उभेपंतांनी डावा पाय उचलला, की ही कडुलिंबाचा पाला घेऊन केसोबाच्या नाकाशी. म्हणजे जाळ कमी. तिथून धावत धोंडाप्पाच्या पायाशी, चोचीने दोन ठोके. म्हणजे चरक बंद. दिवसाला अशा शंभर फेऱ्या! गेल्या मोसमात या धावपळीत तिची तीन अंडी घरट्यात गार पडली. बिचारी खूप रडली. गूळ मात्र छान झाला होता, म्हणून कुणी काही बोललं नाही.

ती सिंहाकडे गेली. "महाराज, या तिघांना एकच खूण शिकवा की हो! यंदा मला अंड्यांवर बसायचंय."

"रास्त आहे," सिंह म्हणाला, आणि सगळ्यांसाठी एकच खूण, म्हणजे मानक, ठरवायला त्याने समिती नेमली. राजाला दुसरं येतंय काय!

अध्यक्ष झाले कोल्हेसाहेब. भाषातज्ज्ञ म्हणून मंजुळाबाईच्या नवऱ्याला घेतलं. त्याला तिन्हींपैकी एकही खूण येत नव्हती, पण तो मान छान डोलवायचा.

"मानक म्हणजे ठोके," धोंडाप्पा गरजला.

"छट्! वास," केसोबा गुरगुरला.

उभेपंतांनी पाय वर केला. इतिवृत्तात लिहिलं गेलं, 'सदस्यांनी पाय वर केला.' आणि या तिघांचं बोलणं एकमेकांना सांगायला बैठकीत कोण होतं? मंजुळाबाईच, दुसरं कोण!

वर्षभराने मानक तयार झालं. भाग एक, ठोके. भाग दोन, वास. भाग तीन, पाय. भाग चार, शेपूट हलवणे; हा कोल्हेसाहेबांचा स्वतःचा. शेवटी लिहिलं होतं, 'कोणताही एक भाग पाळला तरी मानक पाळले असे समजावे.' टाळ्यांचा नुसता कडकडाट! तिघांच्या गळ्यात तांब्याचे बिल्ले आले.

"बाई, आता तुमची गरज नाही," कोल्हेसाहेब म्हणाले. मंजुळाबाईला इतका आनंद झाला म्हणून सांगू! तिने जांभळीवरच्या घरट्यात तीन अंडी घातली आणि ती निवांत बसली.

एके दिवशी पाक झाला. उभेपंतांनी डावा पाय उचलला, अगदी भाग तीनप्रमाणे. केसोबाच्या नाकाला काही कळलं नाही. त्याने आणखी चिपाडं सारली. धोंडाप्पाला ठोका आला नाही. तो फिरतच राहिला. उभेपंतांनी पाय आणखी वर केला. काहील उतू जायला लागली, जाळ वर चढला, छपराचं गवत करपायला लागलं.

मंजुळाबाईला वरून सगळं दिसत होतं. पोटाखाली एका अंड्याला नुकताच तडा गेला होता. उठावं तर पिल्लं जातील, बसावं तर चार महिने सगळं जंगल उपाशी. शेवटी साप दिसल्यावर साळुंकी ओरडते ना, तशी ती बसल्या जागेवरून ओरडली.

"क्यँऽऽऽक्!"

धोंडाप्पा जागच्या जागी थांबला. केसोबाने जळती चिपाडं भराभर बाहेर ओढली. उभेपंतांनी आयुष्यात पहिल्यांदा दोन्ही पाय खाली टेकवले. पार डोंगरापलीकडच्या हरणांनीसुद्धा कान टवकारले. ती हाक सगळ्यांना जन्मापासून कळत होती. शिकवली कुणालाच नव्हती.

गूळ वाचला. थोडा करपट लागला, पण वाचला.

दुसऱ्या दिवशी कोल्हेसाहेब जांभळीखाली हजर. "बाई, तुम्ही चारही भागांत नसलेला संकेत वापरलात. ही घ्या नोटीस."

"अहो साहेब, पण तो सगळ्यांना कळला ना!"

"तीच तर तक्रार आहे," कोल्हेसाहेब म्हणाले. "असं एका हाकेत सगळ्यांना कळायला लागलं, तर समितीनं करायचं काय? आता याचा भाग पाच होईल. ओरडण्याआधी आठ दिवस अर्ज द्यायचा."

तेवढ्यात घरट्यात तीन कवचं फुटली, आणि तीन कोवळे आवाज एकदम आले. "क्यँक्! क्यँक्! क्यँक्!"

मंजुळाबाईच्या डोळ्यांत पाणी आलं. कोल्हेसाहेबांनी पिशवीतून आणखी तीन नोटिसा काढल्या आणि विचारलं, "नावं काय ठेवलीत?"

तात्पर्य : घराला आग लागली तरी सगळ्यांना समजेल असं ओरडू नये. आधी आपला भाग क्रमांक शोधावा, मग अर्ज करावा. तोवर आग आपोआप विझते.